अपीलची तारीख हुकली? आधी नकलेची पाठ बघा

मी इंदूरला एका वकिलांकडे मुंशी आहे, त्यामुळे "तीस दिवस होऊन गेले हो, आता संपलंच ना सगळं" हे आठवड्यातून एकदा तरी ऐकतो. परवा रामबागेतले एक काका आले, भिंतीचा दावा हरलेले, नि पिशवीतून कागद काढता काढताच रडकुंडीला आले. म्हटलं काका, आधी चहा घ्या मग मोजू.

तर मोजायचं असं. दिवाणी निकालावर जिल्हा कोर्टात अपील असेल तर 30 दिवस, हायकोर्टात असेल तर 90. निकालाचा दिवस धरायचा नाही, आणि नकल (निकालाची कोर्टाकडून मिळणारी शिक्क्याची प्रत) मिळायला लागलेला वेळही वजा होतो, लिमिटेशन ॲक्ट 1963 (मुदतीचा कायदा) चं कलम 12. नकलेच्या पाठीमागे शिक्का असतो बघा, अर्ज कधी केला, नकल तयार कधी झाली. समजा निकाल 1 मार्चचा, तर मुदत 31 मार्चला संपते, पण नकलेचा अर्ज 10 ला केला नि ती 18 ला तयार झाली तर हे 9 दिवस वाढून 9 एप्रिलपर्यंत चालतं. तयार नकल तुम्हीच उचलली नाही तर ते दिवस मात्र तुमच्याच खात्यात. शेवटच्या दिवशी कोर्ट बंद असेल तर उघडेल त्या दिवशी लावा, चालतं.

काकांचे वजा करूनही 11 दिवस उशिराचे उरले. इथे त्याच कायद्याचं कलम 5 लागतं, उशिराचं "पुरेसं कारण" दाखवायचं. लोक मुदतीच्या आतले तीस दिवस काय केलं ते सांगत बसतात, त्याची गरज नाही. सुप्रीम कोर्टाने 1961 मध्येच रामलाल विरुद्ध रेवा कोलफील्ड्समध्ये सांगितलंय की मुदतीच्या शेवटच्या दिवसापासून अपील लावेपर्यंतचा हिशोब द्या. (त्या केसमध्ये उशीर फक्त एका दिवसाचा होता आणि तेवढ्यासाठी माणूस दिल्लीपर्यंत गेला!) मग 1987 मध्ये कातिजीच्या निकालात म्हटलं की "रोजचा दिवस समजावून सांगा" हे फार काटेकोर धरू नका, उशीर करून पक्षकाराचा फायदा सहसा होत नाही. म्हणून आकड्याला घाबरू नका, कारण खोटं असेल तर 11 दिवसही माफ होत नाहीत आणि खरं असेल तर वर्षाचेही माफ होऊ शकतात.

आजारपण असेल तर डिस्चार्ज कार्ड नि डॉक्टरांचे तारखेसकट पर्चे जोडा. काकांकडे डिस्चार्ज कार्ड होतं, पण घरी आल्यावरचे चार दिवस कोरेच होते, तिथे आम्ही त्यांच्या मुलाचं शपथपत्र जोडलं. वकिलाने कळवलंच नाही, हेही कारण चालतं, पण वर्षभर विचारपूसच केली नाही असं निघालं तर कोर्ट भडकतं. आणि "फाईल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती" हे तर सरकारचंही चालत नाही आता, 2012 मध्ये पोस्ट खात्याचा 427 दिवसांचा उशीर माफ झाला नव्हता.

उशीर माफीचा अर्ज अपीलच्या सोबतच द्या, शपथपत्रासकट, दिवाणी प्रक्रिया संहितेची (सीपीसी) ऑर्डर 41 रूल 3अ. नंतर देऊ म्हणून ठेवू नका. एक चटका आधीच सांगतो, उशिराचं ठरून अपील ऐकायला घेईपर्यंत डिक्रीवर (खालच्या कोर्टाच्या हुकूमनाम्यावर) स्टे मिळत नाही, तेवढ्यात समोरचा एक्झिक्यूशन, म्हणजे तिची अंमलबजावणी, लावू शकतो. म्हणून नोटीस समोरच्याला लवकर बजावा, प्रोसेस फी (नोटीस बजावायची कोर्टाची फी) त्याच दिवशी भरा, पेशीला (सुनावणीच्या तारखेला) स्वतः हजर रहा.