सँडविचसाठी मटणाचे रेशे: स्लो कुकरची पद्धत

खाटकाकडे खांद्याचं मटण मागा आणि तुकडे मोठेच ठेवायला सांगा. मांडीचं मटण कोरडं पडतं. खांद्यातले चिवट पडदे मात्र मंद आचेवर तासन् तास राहिले की विरघळतात, आणि त्यांच्यामुळेच रेशे ओलसर राहतात. एक किलोला मीठ, आलं-लसूण, भरपूर उभा कांदा आणि दोन चमचे सावजी मसाला पुरे. तर्रीच्या हिशेबानं मसाला घातलात तर पावात फक्त तिखटच लागेल.

पाणी अर्धी वाटीच घाला. झाकणाखाली वाफ अडकते, मटणालाही पाणी सुटतं. 'लो'वर साधारण आठ तास लागतात. मध्येमध्ये झाकण उघडू नका, दर वेळी बरीच उष्णता निघून जाते. तुकडा काट्यानं सहज सुटला की झालं. नाही सुटला तर अजून तासभर ठेवा.

गरम असतानाच दोन काट्यांनी रेशे काढा. उरलेला रस कढईत आटवून त्यात कालवा, ही पायरी गाळू नकाच! नागपूरच्या मे महिन्यात उरलेलं मटण तासाभरात फ्रीजमध्ये जायला हवं. म्हशीच्या मांसालाही हीच रीत चालते.