घरच्या माणसाला सैन्याने उचललं आणि 'आमच्याकडे नाही' म्हणतायत, तर काय करायचं

सगळ्यात आधी वही काढा, फोनाफोनी नंतर. गुप्त लष्करी कोठडीची मेखच ही आहे की तिथे आरोपपत्र नसतं, कोर्टात हजर करणं नसतं, रजिस्टरला नाव नसतं, त्यामुळे समोरचा बिनधास्त सांगतो असा कोणी इथे नाहीच. त्याला खोटं पाडायला तुमच्या हातात फक्त बारीकसारीक गोष्टी असतात. किती वाजता नेलं, किती जण होते, युनिफॉर्म कसला, गाडीचा नंबर (अर्धाच आठवतोय तर अर्धा लिहा), कुठल्या दिशेला गेले, अंगावर कपडे कोणते होते, गोळ्या कुठल्या चालू होत्या. शेजाऱ्यांना एकेकटं गाठून विचारा, एकत्र बसवलं की सगळे एकमेकांचीच री ओढतात.

हे फालतू वाटत असेल तर खालिद अल-मस्रीची केस बघा. जर्मन नागरिक, ३१ डिसेंबर २००३ ला मॅसेडोनियाच्या बॉर्डरवर धरला, राजधानी स्कोप्येच्या हॉटेलात २३ दिवस कोंडला, मग सीआयएच्या ताब्यात देऊन थेट अफगाणिस्तान, आरोप शून्य, आणि मे २००४ मध्ये अल्बेनियात रस्त्यावर सोडून दिला. मॅसेडोनियाचं म्हणणं, तो हॉटेलात राहिला आणि कोसोवोला निघून गेला, बस्स. पण कोठडीत बसल्या बसल्या जाणवलेले छोटे भूकंप त्याला आठवत होते आणि ते भूकंपाच्या नोंदींशी जुळले! विमानाच्या नोंदी जुळल्या, त्याच्या डोक्याच्या केसांची तपासणी जुळली, आणि २०१२ मध्ये युरोपियन मानवाधिकार कोर्टाने त्याच्या बाजूने निकाल दिला. म्हणून तिथून कोणी सुटून आला असेल तर त्याला पायऱ्या किती होत्या, रेल्वेचा आवाज यायचा का, बाजूच्या खोलीत कोण होतं, हे विचारा, पण एका बैठकीत नको, तो आधीच पिळून निघालेला असतो.

मग अर्ज. जवळच्या रेड क्रॉस किंवा रेड क्रिसेंटच्या ऑफिसात शोधाची विनंती द्या, पैसे लागत नाहीत. युद्धकैदी असेल तर १९४९ च्या तिसऱ्या जिनिव्हा करारानुसार पकडल्यावर लगेच, नाहीतर छावणीत पोचल्यापासून आठवड्याच्या आत त्याला घरी कार्ड लिहू द्यावं लागतं, आलं नाही तर तेही तारखेसकट वहीत. रेड क्रॉसवाले बाहेर फारसं बोलत नाहीत, त्याचा संताप येतो, पण न बोलल्यामुळेच त्यांना आत जाऊ देतात.

दुसरा अर्ज संयुक्त राष्ट्रांच्या सक्तीने बेपत्ता केलेल्यांसाठीच्या कार्यगटाकडे, हा १९८० पासून आहे, तुमच्या देशाने कुठला करार केलाय की नाही याने इथे फरक पडत नाही. तीन महिन्यांच्या आत कळवलं तर तातडीची केस म्हणून घेतात, तेव्हा 'थोडी वाट बघू' करत बसू नका.

कोर्टात हेबियस कॉर्पस (ताब्यातल्या माणसाला कोर्टापुढे हजर करा, असा अर्ज) टाकता येत असेल तर टाकाच. फेटाळतील कदाचित, पण सैन्याने 'आमच्याकडे नाही' हे लेखी दिलं की तो कागद पुढे त्यांच्यावरच उलटू शकतो, झेरॉक्स चार ठिकाणी ठेवा.

आणि दलाल. 'मी त्याला बघितलंय, एवढे द्या, सोडवतो' म्हणणारा येतोच. त्याच्या हातात एक रुपया ठेवण्याआधी एक प्रश्न देऊन पाठवा, ज्याचं उत्तर फक्त आपल्या माणसालाच माहीत असेल, म्हणजे लहानपणी कुत्रा चावला तो कुठल्या पायाला, असलं काहीतरी. बहुतेक दलाल परत फिरकतच नाहीत.