घरचं सॅलड ड्रेसिंग: या चुका टाळा

तेल, लिंबू, मीठ, मिरपूड आणि एक घट्ट झाकणाची बाटली. साहित्य एवढंच, तरी तक्रारी ठरलेल्या: फुटलं, फार आंबट झालं, वाडग्याच्या तळाशी पाणी साचलं. प्रमाण बहुतेकांना ठाऊक असतं. गडबड होते ती कशानंतर काय घालायचं यात आणि भाज्यांच्या ओलाव्यात.

मिठापासूनच बघा. मीठ तेलात विरघळत नाही. सगळं एकदम ओतून ढवळलं की कण तळाशी बसतात, वरचं चाखून आपण आणखी मीठ घालतो आणि शेवटचे घास खारट लागतात. आधी लिंबाच्या रसात किंवा व्हिनेगरमध्ये मीठ, आणि घालणार असाल तर साखर किंवा मध, पूर्ण विरघळवा. तेल सगळ्यात शेवटी.

फ्रेंच पद्धतीत तीन भाग तेलाला एक भाग व्हिनेगर घेतात. आपल्या आंबटगोड जिभेला हे तेलकट वाटू शकतं, तेव्हा दोनास एक करायला हरकत नाही. मात्र चव नुसती चमच्याने घेऊ नका. काकडीची चकती बुडवून खाऊन बघा. चमच्यावर जहाल लागलेलं ड्रेसिंग काकडीवर बरोबर लागतं. तरीही आंबट वाटलंच तर साखरेकडे वळण्याआधी थोडं तेल वाढवून बघा.

आता फुटण्याचं. तेल आणि रस थोड्या वेळाने वेगळे होणारच. वाढायच्या आधी बाटली जोरात हलवली की काम भागतं. जास्त वेळ एकजीव राहायला हवं असेल तर पाककृतींत डिजॉन मस्टर्ड, म्हणजे मोहरीची तयार फ्रेंच पेस्ट, सांगतात. त्यासाठी महागडी बाटली आणायची गरज नाही, आपल्याकडे मोहरी फेसतातच की! फक्त इथे लोणच्याची मोहरीची डाळ नको, अख्खी मोहरी घ्या, कारण तेलाचे थेंब धरून ठेवणारा चिकटपणा तिच्या सालात असतो. पाव वाटी ड्रेसिंगला अर्धा चहाचा चमचा मोहरी पुरे. ती कुटून, थोडं गार पाणी घालून, नाकात झणका जाईपर्यंत फेसा आणि दहा मिनिटं ठेवा. पाणी गारच हवं. मोहरीचा तिखटपणा ती चिरडून ओली झाल्यावर एका विकरामुळे (एन्झाइममुळे) तयार होतो. कढत पाण्याने ते विकर निकामी होतं आणि उरतो तो कडवटपणा. लिंबूही लगेच पिळू नका, झणका चढू द्या. मग मीठ विरघळलेला रस घाला आणि तेल बारीक धारेने सोडत फेटत राहा.

तेल कोणतं? घाण्याचं शेंगदाणा तेल चांगलं लागतं, पण त्याचा वास जाणवतो. गाजर, कोबी, मुळ्याला तो शोभतो, लेट्यूसला नाही. एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह ऑइल मिक्सरमध्ये फिरवू नका, कडू होतं. हाताने फेटा.

ड्रेसिंग उत्तम जमूनही सॅलड फसतं ते पाण्यामुळे. धुतलेली पानं ओली असतील तर तेल त्यांना धरत नाही, सगळं खाली गळतं. पंचावर पसरून कोरडी करा. काकडी आणि टोमॅटोला मीठ लागलं की पाणी सुटतं, म्हणून काकडीला आधी चिमूटभर मीठ लावून दहा मिनिटांनी पिळा आणि तेवढं मीठ ड्रेसिंगमध्ये कमी करा. पानांवर ड्रेसिंग मात्र ताटं मांडल्यावरच घाला. पानं मलूल होण्याचं खापर आपण लिंबावर फोडतो, पण पानावरचा मेणचट थर ओलांडून आत झिरपतं ते मुख्यतः तेल.

पितळेच्या किंवा तांब्याच्या भांड्यात आंबट ठेवायचं नाही, हे सांगायला नकोच.

फ्रिजमध्ये ऑलिव्ह ऑइल गोठून ढेकळं दिसली तर ड्रेसिंग नासलं असं समजू नका. थोडा वेळ बाहेर ठेवून हलवा. ताज्या लिंबाचं ड्रेसिंग दुसऱ्या दिवशी मरगळतं. साठवायचंच असेल तर व्हिनेगरचं करा. कच्चा लसूण घातलेलं तेल मात्र ओट्यावर कधीच ठेवू नका. हवा न पोचणाऱ्या तेलात बोट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेचे जंतू वाढू शकतात आणि त्याचा वासही येत नाही. लसूण हवा असेल तर त्या वेळेपुरता ठेचा आणि उरलेलं फ्रिजमध्ये ठेवून दोन-तीन दिवसांत संपवा.