कुलगुरूंच्या निवडीला कोर्टात चॅलेंज करायचंय? आधी हे वाचा

नांदेड असो की संभाजीनगर, कुलगुरूंचं नाव जाहीर झालं की चहाच्या टपरीवर "सेटिंग झाली राव" हे ठरलेलंच, पण सेटिंग झाली म्हणून कोर्ट ऐकत नसतं, नियम कुठं मोडला ते कागदावर दाखवावं लागतं.

म्हणून पहिलं काम आरटीआय, म्हणजे माहिती अधिकाराचा अर्ज. अर्जाला १० रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प लावा अन् शोध समितीचं (कुलगुरूपदासाठी नावं सुचवणारी समिती) इतिवृत्त, शिफारस केलेली नावं, निवड झालेल्याचा बायोडाटा मागा. ३० दिवसांत उत्तर यायला पाहिजे, नाही आलं तर पहिलं अपील.

कागद आले की दोन गोष्टी शेजारी ठेवून बसा, महाराष्ट्राच्या २०१६ च्या विद्यापीठ कायद्याचं कलम ११ अन् यूजीसीचे (विद्यापीठ अनुदान आयोग) २०१८ चे नियम. निवड झालेल्याची प्रोफेसर म्हणून, नाहीतर नामांकित संशोधन किंवा शैक्षणिक प्रशासनाच्या संस्थेत १० वर्षं भरतात का? समितीतला कोणी त्याच विद्यापीठाशी किंवा तिथल्या कॉलेजशी जोडलेला तर नाही? खरी केस इथंच सापडते. २०२२ मध्ये केरळच्या टेक्निकल युनिव्हर्सिटीच्या कुलगुरूंची नेमणूक सुप्रीम कोर्टानं रद्द केली, कारण समितीनं एकच नाव पाठवलं होतं, यूजीसीला पाहिजे तीन ते पाच.

मग औरंगाबाद खंडपीठात को वॉरंटो रिट, म्हणजे "कोणत्या अधिकारानं बसलात?" हा सवाल. त्यासाठी तुम्ही स्वतः उमेदवार असायची गरज नाही. फक्त वकील सर्व्हिस मॅटरवालाच (नेमणुका-नोकरीच्या केसेस लढणारा) बघा, गावातला जमिनीच्या केसवाला नको.