ईईजी काढायला येताना या चुका टाळा

डोक्यात करंट गेल्यासारखं होतं, मुंग्या धावतात, पोटातून काहीतरी वर चढतं आणि क्षणभर सगळं आधी घडून गेल्यासारखं वाटतं. अशा तक्रारी घेऊन माणसं आमच्याकडे मेंदूची पट्टी, म्हणजे ईईजी (मेंदूतल्या विजेच्या लहरींची नोंद) काढायला येतात. मी ईईजी टेक्निशियन आहे आणि त्याच त्या चुका बघून आता कंटाळा आलाय.

सगळ्यात वाईट चूक म्हणजे फिटच्या गोळ्या मनानेच बंद करणं. "गोळी चालू असली की मशीनमध्ये काही सापडत नाही," असं कुणीतरी सांगतं आणि लोक ते खरं मानतात. कॉलेजातल्या एका मुलाने हेच केलं, वर रात्रभर जागरण. बाहेरच्या बाकावरच त्याला जोराची फिट आली. एक काका चप्पल घेऊन त्याच्या नाकाशी धरायला धावले, आईने तोंडात चमचा घालायला घेतला. दोघांना थांबवून त्याला कुशीवर वळवलं, डोक्याखाली ओढणीची घडी दिली आणि घड्याळ बघत बसले. पाच मिनिटांच्या वर गेली असती तर थेट इमर्जन्सीत न्यायचं होतं. सुदैवाने आधीच थांबली. फिटनंतर मेंदूच्या लहरी काही काळ मंद पडतात, त्यामुळे ज्यासाठी तो आला होता ते त्या दिवशी कळणं अवघडच होतं. गोळी कमी करायची की नाही हे फक्त तुमचे डॉक्टर ठरवतील. जागरणही त्यांनी सांगितलं तरच करा.

दुसरी चूक तेलाची. मेंदूचा सिग्नल डोक्याच्या कातडीवर येईपर्यंत साधारण १० ते १०० मायक्रोव्होल्ट उरतो. चप्प तेल लावलेल्या केसांत तो नीट मिळतच नाही, भिंतीतल्या विजेची ५० हर्ट्झची गुणगुण मात्र पडद्यावर भरून येते. आदल्या रात्री शाम्पूने डोकं धुवा. तेल, जेल, कंडिशनर काही नको. मी केसांची बट बाजूला करून जागा घासून घेते आणि इम्पिडन्स, म्हणजे कातडी आणि इलेक्ट्रोड (डोक्याला चिकटवायची छोटी चकती) यांच्यातला विजेचा अडथळा, ५ किलोओमच्या खाली आल्याशिवाय रेकॉर्डिंग सुरू करत नाही. नवी टेक्निशियन मुलं इथे घाई करतात, घासायचं सोडून इलेक्ट्रोड चिकटवायच्या पेस्टचा गोळा थापतात. शेजारच्या दोन इलेक्ट्रोडची पेस्ट एकमेकींत मिसळली की त्या दोघांमधली रेघ सपाट होते आणि बिचाऱ्या पेशंटला पुन्हा बसावं लागतं. मला हे अजिबात चालत नाही.

रिपोर्ट नॉर्मल आला म्हणून फिट नाहीच, असं समजू नका. साधं रेकॉर्डिंग २०-३० मिनिटांचं असतं, तेवढ्यात गडबड दिसेलच असं नाही. घरच्यांनी मोबाइलवर काढलेला व्हिडिओ कित्येकदा जास्त कामाचा ठरतो. किती वेळ चाललं, कुठून सुरू झालं, शुद्ध होती का, दर वेळी तसंच होतं का, हे लिहून आणा.

ॲपवर "अल्फा लहरी वाढवा" म्हणून पैसे भरू नका. हान्स बर्गरने १९२४ साली जर्मनीत माणसाच्या मेंदूच्या लहरी पहिल्यांदा टिपल्या. ८ ते १३ हर्ट्झची ही अल्फा बहुतेकांना जागेपणी शांत बसून नुसते डोळे मिटले तरी दिसते.

झोप लागताना डोक्यात धाडकन आवाज होतो पण दुखत नाही, हा प्रकार सहसा निरुपद्रवी असतो. डॉक्टरांना सांगून ठेवा. नैराश्याच्या गोळ्या अचानक सोडल्यावर करंटसारखे झटके जाणवू शकतात, तेव्हा गोळ्या लिहून देणाऱ्या डॉक्टरांनाच फोन करा.

आणि शॉक बसेल म्हणून घाबरू नका. इलेक्ट्रोड फक्त सिग्नल टिपतात, करंट सोडत नाहीत. येताना चालू गोळ्यांची पाकिटं तेवढी सोबत आणा.