मलेशियाच्या पाम तेलाचे आकडे कसे वाचावेत

शेअर आणि वायदे बाजारांवर नियंत्रण ठेवणाऱ्या सेबीने डिसेंबर 2021 मध्ये सोयाबीन, सोयातेल आणि कच्चे पाम तेल यांच्यासह काही शेतमालांचे वायदे व्यवहार, म्हणजे पुढच्या महिन्यांतल्या मालाचे आज भाव ठरवून होणारे सौदे, थांबवले आणि पुढे या स्थगितीची मुदत वेळोवेळी वाढवली. देशातला वायद्याचा भाव दिसेनासा झाल्यावर लातूर-अकोल्याच्या बाजारातला अडत्या असो, सोयाबीनमधून तेल काढणारा सॉल्व्हंट प्लँट चालवणारा उद्योजक असो किंवा डबे भरून विकणारा पॅकर असो, पुढच्या दोन-तीन महिन्यांचा अंदाज बांधण्यासाठी प्रत्येकाला मलेशियातल्या क्वालालंपूरच्या वायदे बाजाराकडे अधिक बारकाईने पाहावे लागले. भारत आपल्या गरजेच्या निम्म्याहून अधिक खाद्यतेल आयात करतो आणि त्यात पाम तेलाचा वाटा मोठा असतो, त्यामुळे मलेशियात काय घडते याचा परिणाम आपल्या मोंढ्यापर्यंत पोहोचतो. उत्पादनात इंडोनेशिया मलेशियाच्या कितीतरी पुढे आहे, हे खरे. तरीही मलेशियापासून सुरुवात करावी, कारण तिथली आकडेवारी दर महिन्याला ठरावीक वेळी येते आणि जगभर आधारभूत मानला जाणारा वायदाही तिथलाच आहे.

आधी झाड आणि गिरणी

तेलमाड मूळचा पश्चिम आफ्रिकेचा. मलायात, म्हणजे आजच्या मलेशियात, तो आधी शोभेचे झाड म्हणून आला आणि 1917 मध्ये सेलांगोरमधील तेन्नामारम येथे त्याची पहिली व्यापारी लागवड झाली. 1956 मध्ये स्थापन झालेल्या फेल्डा या सरकारी संस्थेने भूमिहीन कुटुंबांना जमिनी देऊन वसाहती उभ्या केल्या आणि पुढे रबराची जागा हळूहळू तेलमाडाने घेतली. परागीकरण करणारा भुंगेरा 1981 मध्ये कॅमेरूनमधून आणून सोडल्यावर हाताने परागीकरण करण्याचा खर्च वाचला. आज लागवड सुमारे 56 लाख हेक्टरवर असून सारावाक, साबा आणि जोहोर ही त्यातील प्रमुख राज्ये आहेत.

आकडे वाचणाऱ्याने या पिकाचा एक गुण कायम ध्यानात ठेवावा. सोयाबीनचा भाव पडला तर शेतकरी पोती घरात ठेवून वाट पाहू शकतो. तेलमाडाच्या घडाला ती सोय नाही. घड कापल्याबरोबर फळातले विकर तेलाचे विघटन करू लागते आणि मुक्त स्निग्धाम्ले वाढतात, म्हणून माल शक्यतो 24 तासांच्या आत गिरणीत पोहोचवावा लागतो आणि म्हणूनच गिरण्या मळ्यांना लागून असतात. तिथे घड वाफेने शिजवतात, फळे झोडून वेगळी करतात, मळून दाबतात आणि निघालेले तेल निवळून घेतात. घडाच्या वजनाच्या साधारण 20 टक्के कच्चे तेल हाती येते. बाठीतल्या गरापासून निघणारे तेल वेगळे असते. ते गुणाने खोबरेल तेलाच्या जवळचे असून मुख्यतः साबण आणि रसायन उद्योगाकडे जाते.

झाड वर्षभर फळते आणि तोडणी दर दहा-पंधरा दिवसांनी करावी लागते, त्यामुळे भाव कसाही असला तरी तेल तयार होतच राहते. ते थांबते पावसाने, पुराने किंवा मजुरांच्या टंचाईने. तोडणीचे काम बव्हंशी परदेशी मजुरांच्या हाती असल्यामुळे करोनाकाळात सीमा बंद होताच घड झाडावरच वाया गेले. थोडक्यात, पुरवठा भावाला फार उशिरा प्रतिसाद देतो, आणि मधल्या काळातला सगळा ताण टाक्यांतल्या साठ्यात दिसतो.

तेल कोणत्या रूपात निघाले ते पाहावे

निर्यातीचा एकच एकूण आकडा पाहून निष्कर्ष काढणे ही या व्यापारात सर्रास आढळणारी घाई आहे. कच्च्या तेलातून डिंक काढून, मातीने रंग उतरवून आणि सुमारे 240 ते 260 अंश सेल्सिअस तापमानाला वास घालवून शुद्ध तेल मिळते. ते थंड करून गाळले की सुमारे तीन चतुर्थांश किंवा त्याहून थोडा अधिक भाग पातळ राहतो, आणि तेच आपल्याकडे रेशनच्या दुकानापासून फरसाणाच्या कढईपर्यंत पोहोचलेले पामोलिन. उरलेला घट्ट भाग म्हणजे स्टिअरिन. तो वनस्पती तूप, मार्गारिन आणि साबणासाठी जातो.

यातले कोणते रूप जहाजावर चढेल, हे दोन्ही किनाऱ्यांवरचे कर ठरवतात. मलेशियाने 1970 च्या दशकापासून कच्च्या तेलाच्या निर्यातीवर कर ठेवला आणि शुद्ध केलेल्या तेलाला सवलत दिली, त्यामुळे पोर्ट क्लांग आणि पासिर गुडांग या बंदरांभोवती रिफायनऱ्यांचा मोठा उद्योग उभा राहिला. कच्च्या तेलावरील शुल्क दर महिन्याला जाहीर होणाऱ्या संदर्भ किमतीनुसार बदलते. नोव्हेंबर 2024 पासूनच्या रचनेत टनाला 2,250 रिंगिटपर्यंत (रिंगिट हे मलेशियाचे चलन) शुल्क नाही, त्यापुढे ते 3 टक्क्यांपासून सुरू होते आणि 4,050 रिंगिटच्या वर 10 टक्क्यांपर्यंत जाते. शुल्क वाढले की मलेशियातल्या रिफायनरीला कच्चा माल परदेशी स्पर्धकापेक्षा तेवढा स्वस्त पडतो.

भारताची आयात शुल्के याच्या उलट दिशेने काम करतात. सप्टेंबर 2024 मध्ये कच्च्या तेलावरील परिणामी शुल्क (मूळ शुल्क आणि उपकर मिळून) 5.5 टक्क्यांवरून 27.5 टक्के आणि शुद्ध तेलावरील 13.75 वरून 35.75 टक्के झाले. दोन्ही वेळा अंतर 8.25 टक्क्यांचेच होते. 2025 च्या मे महिन्याच्या अखेरीस कच्च्या तेलाचे शुल्क 16.5 टक्क्यांवर आणले आणि शुद्ध तेलाचे तसेच ठेवले, त्यामुळे अंतर 19.25 टक्क्यांचे झाले. शुल्क वाढले की घटले यावर आपल्याकडे भरपूर चर्चा होते, पण भारतातल्या रिफायनऱ्या चालणार की आयात पामोलिन नुसते डब्यांत भरले जाणार, हे त्या अंतरावर ठरते. काश्मीरविषयी मलेशियाचे तत्कालीन पंतप्रधान महाथिर मोहम्मद यांनी केलेल्या वक्तव्यानंतर संबंध ताणलेले असताना भारताने जानेवारी 2020 मध्ये शुद्ध पाम तेलाची आयात निर्बंधित यादीत टाकली, म्हणजे तिला सरकारी परवाना लागू लागला. त्याचा फटका इंडोनेशियापेक्षा मलेशियाला अधिक बसला, कारण भारताला पामोलिन विकण्यात तोच पुढे होता.

महिन्याचा ताळेबंद

मलेशियन पाम ऑइल बोर्ड दर महिन्याच्या 10 तारखेच्या आसपास मागील महिन्याचे आकडे प्रसिद्ध करते. त्यात पुढील हिशेब स्वतः मांडून पाहावा: सुरुवातीचा साठा, अधिक उत्पादन, अधिक आयात, वजा निर्यात, वजा देशांतर्गत वापर. सोयीसाठी घेतलेल्या आकड्यांत सांगायचे तर 18 लाख टन साठा, 17 लाख उत्पादन आणि 0.5 लाख आयात यांतून 14 लाख निर्यात आणि 3 लाख वापर वजा केला की 18.5 लाख टन उरतात. हा शेवटचा आकडा सर्वांत महत्त्वाचा. मात्र त्याची तुलना मागच्या महिन्याशी न करता मागच्या वर्षीच्या त्याच महिन्याशी करावी, कारण उत्पादन बहुधा सप्टेंबर-ऑक्टोबरच्या सुमारास शिखरावर असते आणि जानेवारी-फेब्रुवारीत तळाला जाते. ऑक्टोबरमध्ये साठा वाढला म्हणून मंदीची हाकाटी करण्यात अर्थ नसतो.

बोर्डाच्या अहवालाची वाट न पाहता खासगी सर्वेक्षण संस्थांचे निर्यातीचे अंदाजही पाहावेत; ते महिन्याचे पहिले 10, 15, 20 आणि 25 दिवस अशा टप्प्यांनी येतात. या अंदाजांवरून बाजार आपले मत आधीच बनवतो, त्यामुळे अहवालाच्या दिवशी भाव हलतो तो अपेक्षा आणि प्रत्यक्ष आकडा यांतल्या फरकामुळे. एल निनोच्या बाबतीत तर उलटीच सावधगिरी हवी: कोरडे हवामान आज पडले तरी घडांची संख्या घटण्यास कित्येक महिने, कधी वर्षाहून अधिक काळ लागतो.

रिंगिटचा भाव रुपयांत आणताना

क्वालालंपूरचा कच्च्या पाम तेलाचा वायदा 1980 पासून चालू आहे. सौद्याचा आकार 25 टनांचा, भाव टनाला रिंगिटमध्ये, आणि बातम्यांत सांगितला जातो तो सहसा तिसऱ्या महिन्यात पुऱ्या होणाऱ्या सौद्याचा. समजा भाव 4,000 रिंगिट आहे आणि एका रिंगिटला 20 रुपये पडतात. मग टनाला 80,000, म्हणजे मुंबईच्या पद्धतीने 10 किलोला 800 रुपये झाले. त्यावर 16.5 टक्के शुल्क धरले की 932 होतात. जहाजभाडे, विमा, बंदरावरचा खर्च, घट आणि जीएसटी यांची भर अजून बाकीच आहे. शिवाय आयात शुल्क प्रत्यक्ष सौद्याच्या भावावर न लागता सरकार डॉलरमध्ये जाहीर करते त्या शुल्कमूल्यावर लागते, म्हणून जागतिक भाव झपाट्याने घसरत असताना ही ढोबळ बेरीज थोडी फसवी ठरते. रिंगिट डॉलरच्या तुलनेत घसरला तर क्वालालंपूरचा भाव वाढलेला दिसूनही भारतीय आयातदाराला तेल महाग पडतेच असे नाही.

शेजारी आणि स्पर्धक

इंडोनेशियाने 28 एप्रिल ते 23 मे 2022 या काळात पाम तेलाची निर्यात बंद केली, तेव्हा गिऱ्हाईक मलेशियाकडे वळले. 2025 पासून इंडोनेशियात डिझेलमध्ये 40 टक्के पाम आधारित इंधन मिसळण्याचे धोरण लागू असल्यामुळे निर्यातीसाठी उरणारे तेल कमी होते. म्हणून जकार्ताचा निर्णय आल्याशिवाय मलेशियाच्या साठ्याचा अर्थ पूर्ण लागत नाही.

दुसरीकडे पाम तेलाचा भाव आणि शिकागोच्या वायदे बाजारातला सोयातेलाचा भाव यांतला फरक नोंदवून ठेवावा. पाम तेल एरवी स्वस्त असते, पण 2024 च्या अखेरीस ते सोयातेलापेक्षा महाग झाले आणि भारतीय खरेदीदार सोयातेलाकडे वळले. जानेवारी 2025 मध्ये भारताची पाम तेल आयात अनेक वर्षांच्या नीचांकावर आली. सोयाबीन उत्पादकाने यातून आपल्या मालाचा भाव काढताना हेही पाहावे की सोयाबीनमध्ये तेल जेमतेम 18 टक्के असते आणि बाकीचा मोठा भाग पेंडीचा. पाम तेल वधारले, सोयातेलही त्याच्यामागे वर गेले, तरी कुक्कुटपालकांकडून आणि परदेशातून पेंडीला मागणी नसेल, तर प्लँटवाला सोयाबीनला त्या तेजीइतका भाव देऊ शकत नाही.