आगोटीच्या बाजारात माल ओला विकू नका : मे अखेर ते मृग

गणपतीचे दिवस सोडले, तर कणकवली, कुडाळ, सावंतवाडी, राजापूरच्या बाजारात मे अखेरीइतकी गर्दी पुन्हा क्वचितच दिसते. घराघरांतून काजूबी, आमसुलं, आगळ (कोकमाचा मीठ घातलेला रस), शेवटचा आंबा खाली उतरतो. परत जाताना त्याच हातात मीठ, सुकी मासळी, ताडपत्री, भाताचं बियाणं आणि खताची गोणी असते. आगोट, म्हणजे पावसाळ्याची बेगमी, भरायला पैसा लागतो, पैशासाठी माल विकावा लागतो आणि पाऊस दारात आला म्हणून मिळेल त्या दराने विकून मोकळं व्हावं लागतं. बागेत वर्षभर राबून मिळवलेलं या पंधरा दिवसांच्या घाईत जातं, हे मी आमच्या वाडीत दरवर्षी बघतो. म्हणून यंदाचा सल्ला फवारणीपेक्षा कामांच्या क्रमाबद्दल जास्त आहे. पावसाने काय आधी नासतं ते आधी हातात घ्यायचं.

पहिली गोष्ट तारखांची. आपलं सगळं गणित मृगावर, म्हणजे ७-८ जूनवर बांधलेलं असतं. २०२५ साली मोसमी पाऊस २५ मे रोजी देवगडपर्यंत पोचला आणि दुसऱ्या दिवशी मुंबईत. रातांबे (कोकमाची फळं) झाडावर, काजूबी खळ्यात आणि तरव्याची (भाताच्या रोपांची) जमीन न नांगरलेली, अशी अनेकांची गत झाली. त्याआधी २०२१ च्या मे महिन्यात तौक्ते वादळ किनाऱ्याला घासून गेलं. दरवर्षी असं होईलच असं नाही, पण वाळवणाची कामं २० मे पर्यंत उरकायची, हा हिशेब आता धरायला हवा. रोहिणी नक्षत्र लागायच्या आत खळं मोकळं झालं पाहिजे.

रातांब्याचं सगळ्यांत आधी बघा, कारण त्याला पाऊस अजिबात सोसत नाही. एक मोठी सर आली की पिकलेलं फळ गळतं, चिखलात पडतं आणि दोन दिवसांत बुरशी धरतं. आमसुलाला सहा-सात दिवसांचं कडक ऊन लागतं. फळ धुऊन फोडायचं, बिया आणि गर वेगळा काढायचा, त्या रसात मीठ घालून साली भिजवायच्या, वाळवायच्या आणि पुन्हा रसात घालायच्या. अशी चार-पाच पुटं बसली की आमसूल काळसर आणि लवचिक होतं. आमच्या घरी दहा लिटर रसाला किलोभर मीठ घालतात. घाईत दोनच पुटं देऊन विकलेलं आमसूल पावसाळ्यात पाणी सोडतं आणि व्यापारी पुढच्या वर्षी तुमच्या नावावर दर पाडतो.

म्हणून सरळ ठरवून टाका. साधारण १५ मे पर्यंत हाती आलेले रातांबे आमसुलाला, त्यानंतरचे आगळाला किंवा अमृत कोकमाला (सरबताच्या गोड पाकाला). आगळाला ऊन लागत नाही, मीठ लागतं. लिटरभर रसाला दीडशे ग्रॅमच्या खाली मीठ नको, नाहीतर वर पांढरी बुरशी येते. अमृत कोकमाला सालींच्या दुप्पट साखर, बरणीत थरावर थर, आणि आठवडाभर रोज ढवळायचं. रस आंबट असल्यामुळे ॲल्युमिनियमचं किंवा तांब्याचं भांडं वापरू नका. स्टील, चिनी माती किंवा खाण्याच्या वस्तूंसाठीचा प्लास्टिकचा पिंप चालेल. डांबरी रस्त्यावर साली पसरण्याची सवय मात्र सोडा. कातळ किंवा मांडवावरची स्वच्छ ताडपत्री बरी. रस्त्यावरची धूळ आणि गाड्यांचं तेल आमसुलाला चिकटतं आणि ते कुणाच्या तरी आमटीत जातं. बिया फेकू नका. राखेत चोळून वाळवल्या तर पावसाळ्यात घरीच कोकमाचं तेल निघतं. टाचांच्या भेगांवर त्याच्याइतकं गुणकारी मला दुसरं काही माहीत नाही.

नवी झाडं लावणार असाल तर रोपाऐवजी कलमं घ्या. कोकमात नर आणि मादी झाडं वेगळी असतात, बियांची रोपं सात-आठ वर्षं वाढवल्यावर अर्धी नर निघाली तर ती वर्षं गेली. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाची ‘कोकण अमृता’ ही जात लवकर पिकते. पावसाच्या आत फळ उतरवायचं असेल तर हाच गुण महत्त्वाचा.

आता काजू. हंगामाच्या शेवटी गोळा केलेली बी ओली असते आणि ती तशीच बाजारात नेली जाते. वाळवावी की ओलीच विकावी, याचं उत्तर अंदाजाने देऊ नका, घरी मोजा. पाच किलो ओली बी वजन करून दोन-तीन दिवस उन्हात घाला आणि पुन्हा वजन करा. समजा १०० किलोची ९० किलो झाली. कोरड्या बीला १३० रुपये दर असेल तर हाती ११,७०० रुपये येतात. ओल्या बीला व्यापाऱ्याने ११५ दिले तर ११,५०० येतात, म्हणजे वाळवण्याचा फायदा जेमतेम दोनशे. पण ओलीचा दर १०५ केला तर बाराशेचा फरक पडतो. वजनात दहावा हिस्सा घट येत असेल, तर दर दहाव्या हिश्श्याहून जास्त कापला की वाळवणं परवडतं, हे लक्षात ठेवा. शिवाय कोरडी बी थांबू शकते, ओली थांबत नाही. बी हातात घेऊन हलवली की आत गर वाजला पाहिजे आणि नख रुतता कामा नये. मग गोणपाटात भरून फळ्यांवर, भिंतीपासून हातभर लांब ठेवा. प्लास्टिकच्या पिशवीत भरलेली बी घाम धरते.

बाजारात नेण्यापूर्वी किलोत किती बिया बसतात ते मोजा. ‘वेंगुर्ला-७’ ची बी सुमारे १० ग्रॅमची, म्हणजे किलोत शंभरच्या आसपास. ‘वेंगुर्ला-४’ च्या त्याहून तीसेक जास्त बसतात. गावठी बारीक बीमध्ये ही मोठी बी मिसळून नेली तर दर बारीक बीचाच मिळतो. दोन गोण्या वेगळ्या करायला एक दुपार लागते. काट्यावर मुद्रांकनाचा शिक्का आहे का, तेही बघून घ्या. विचारायला लाजू नका.

आता मला सगळ्यांत जास्त सांगायचंय ते. आगोटीचं सामान ज्या दुकानातून उचलता, त्याच दुकानात काजू आणि आमसुलं घालू नका. एका वर्षी आम्हीही तेच केलं होतं. दोन गोण्या बी घातली आणि तांदूळ, मीठ, ताडपत्री घेऊन आलो. पैशांची देवाणघेवाण झालीच नाही, वहीत वळतं झालं. पुढे गणपतीला हिशेब मागितला तेव्हा कळलं, की आमच्या बीचा दर बाजारापेक्षा खाली धरला होता आणि ताडपत्रीचा वर. त्यात लबाडी होती असं मी म्हणणार नाही. दोन्ही दर एकाच्याच हातात असले की असंच होतं. आधी माल विका, पैसे रोख किंवा खात्यावर घ्या, मगच दुसऱ्या दुकानात खरेदीला जा. उधारी असेल तर ती फेडल्याची नोंद वहीत आपल्यासमोर करून घ्या. रातांबे फोडण्यापासून आमसूल वाळवण्यापर्यंतचं सगळं काम घरातल्या बायकांचं असतं, तेव्हा आमसुलाचे पैसे त्यांच्या खात्यावर गेले तर ते योग्यच आहे. बचत गटातून आगळ, आमसुलं एकत्र करून विकली तर दर बोलायला बळ येतं. बाटलीबंद विकायचं तर अन्नसुरक्षेची नोंदणी करून घ्या.

भाताच्या बियाण्याचं बिल घ्या, पिशवीवरचं लेबल आणि मूठभर बी पीक निघेपर्यंत जपून ठेवा. उगवण फसली तर तक्रारीला तोच पुरावा. हळव्या (लवकर पिकणाऱ्या भाताच्या) जमिनीत कर्जत-३ किंवा रत्नागिरी-१, गरव्या (उशिरा पिकणाऱ्या भाताच्या) मळ्यात कर्जत-२ घ्यायला हरकत नाही. पेरण्यापूर्वी १० लिटर पाण्यात ३०० ग्रॅम मीठ विरघळवून बी त्यात बुडवा, तरंगणारं पोचट काढून टाका, तळाचं दोन-तीनदा धुऊन सावलीत सुकवा. दहा गुंठे लावणीला एक गुंठा तरवा पुरतो. पाऊस लवकर येण्याची भीती असेल तर सपाट जमिनीऐवजी मीटरभर रुंद, आठ-दहा सेंटिमीटर उंच गादीवाफे करा. धूळवाफेत (पावसाआधी कोरड्या मातीत) पेरलेलं बी पहिल्या सरीने रुजतं आणि मग आठ दिवस उघडीप पडली तर करपतं, तेव्हा शेजारी पाण्याची सोय असेल तरच धूळवाफ करा. भाजावळीसाठी (तरव्याची जमीन भाजायला) झाडांचे टाळ, म्हणजे फांद्या, तोडण्याऐवजी भाताच्या तुसाची राख चौरस मीटरला अर्धा ते एक किलो मिसळा. रोपाला बळ येतं आणि लावणीला तरवा उपटायला सोपा जातो.

हापूसचं आता थोडक्यात. झाडावर राहिलेलं फळ पहिल्या पावसाची वाट न बघता नूतन झेल्याने (आंबे काढायच्या सुधारित झेल्याने) देठासकट उतरवा. पावसानंतर फळमाशी आणि करपा दोन्ही वाढतात. पेटीत न बसणारा आंबा कॅनिंगला किलोवर द्या किंवा ऊन आहे तोवर आंबापोळी घाला. राखणीचे नेपाळी गडी गावाला निघण्याआधी त्यांचा हिशेब पूर्ण चुकता करा. तीच माणसं पुढच्या हंगामात परत यायला हवीत.

सुपारीवर कोळेरोग (फळं कुजून गळण्याचा बुरशीजन्य रोग) येऊ नये म्हणून पावसाआधी एक टक्का बोर्डो मिश्रणाची फवारणी घोसांवर करा. एक किलो मोरचूद आणि एक किलो चुना वेगवेगळ्या पिंपांत, प्रत्येकी ५० लिटर पाण्यात, मग एकत्र. घासलेलं विळ्याचं पातं मिश्रणात बुडवून बघा. तांबूस झालं तर चुना कमी आहे. नारळाच्या बागेतला शेणखड्डा उपसून घ्या, गेंड्या भुंग्याच्या अळ्या त्यातच वाढतात.

दुपारनंतर ढग दाटले, गडगडाट सुरू झाला की रातांब्याच्या झाडावरून खाली उतरा आणि झाडाखालीही थांबू नका. मोबाईलवर ‘दामिनी’ आणि ‘मेघदूत’ ही सरकारी ॲप्स टाकून घ्या. पहिलं आसपास पडणाऱ्या विजेची सूचना देतं, दुसरं जिल्ह्याचा पाच दिवसांचा अंदाज दाखवतं. खळ्यावर आमसुलं घालण्याआधी सकाळी तो बघायला दोन मिनिटं पुरतात.